राव काकांचा किचनमधला सीन

६ मे

लिहायचं लिहायचं म्हणून अख्खा एप्रिल गेला. आधी पेन नव्हतं. मग पेन आणायला पापाकुराच्या ऑप शॉपमध्ये, म्हणजे जुन्या वस्तूंच्या दुकानात, गेले आणि कुणाचा तरी जुना रेनकोट घेऊन आले. आज लिहितेय, कारण एक काळजी लागलीय आणि सांगायला इथे कोणी नाही.

तर नोकरी. चेन्नईहून तमिळ सिनेमाचं युनिट आलंय, त्यांना इथलं लायसन्स असलेला ड्रायव्हर हवा होता. ती मी. किवीफ्रूट पॅक केले, कॅफे केला, घोड्यांखालची लीद काढली, मधे मधे दोन कोर्स अर्धे सोडले. आता सिनेमा. आई पामर्स्टन नॉर्थला हॉस्पिटलमध्ये नर्स आहे, ती फोनवर एवढंच म्हणाली, "आणि हे किती दिवस, मिनू?"

माझ्या व्हॅनमध्ये रोज एकच माणूस. हिरोच्या बापाचं काम करणारे म्हातारे गृहस्थ, सगळे त्यांना राव सर म्हणतात. पहिल्या दिवशी मी आईशी स्पीकरवर बोलत होते, तर मागच्या सीटवरून आवाज, "मराठी की तू?" मी ब्रेकच दाबला. त्यांचं घराणं तंजावरचं, कित्येक पिढ्यांपूर्वी तिकडे गेलेलं, पण घरात अजून मराठी. ऐकायला कशी? जुना कीर्तनकार तमिळमध्ये स्वप्न बघतोय अशी. मी राव काका म्हणते. ते मला ड्रायव्हर अम्मा म्हणतात.

कसली काळजी ते उद्या. झोप.

८ मे

उद्या उद्या करत परवा झाला.

शूटिंग बॉम्बेला. म्हणजे इथलं बॉम्बे, पापाकुराच्या पुढचं गाव, कांद्याची शेतं. आईला मेसेज टाकला "बॉम्बेला चाललेय" तर लगेच फोन, "तिकीट कोणी काढलं?"

वाटेत रा. का. ना (राव काका, सारखं लिहायला मोठं होतं) विचारलं, आजवर काय काय रोल केले. "जज्ज. डॉक्टर. पोरीचा बाप. परत जज्ज." किती सिनेमे? "मोजायचं काम बायकोचं होतं. ती गेली, आकडा तिथेच थांबला." मग ऑपरेशन थिएटरमधून बाहेर येणारा डॉक्टर करून दाखवला. चष्मा काढायचा, पुसायचा, मान हलवायची, इतकंच. मी आरशात बघत राहिले, हायवेची एक्झिट चुकली. म्हणाले, "या मानेवर घर बांधलं मी." एका आठवड्यात एका सेटवर डॉक्टर होऊन हिरोला मारलं आणि दुसऱ्या सेटवर जज्ज होऊन त्याच हिरोला सोडलं, असंही झालंय.

मग मी सहज विचारलं, एवढे डायलॉग पाठ कसे करता?

"कशाला पाठ? असिस्टंट कशाला असतो?"

त्यांच्याकडची पद्धत अशी. कॅमेऱ्याशेजारी असिस्टंट उभा राहून वाक्य मोठ्याने सांगतो. ॲक्टर ते ऐकतो आणि लगेच भाव लावून म्हणतो. आवाज नंतर स्टुडिओत वेगळा भरतात, त्यामुळे मधे कोणी बोललं तरी बिघडत नाही. त्याला प्रॉम्प्टिंग. रा. का. नी सगळं आयुष्य असंच काम केलं.

आणि या सिनेमाचा डायरेक्टर आहे तिशीचा. त्याला आवाज जागेवरच रेकॉर्ड करायचाय. म्हणजे प्रॉम्प्टर बंद. सेटवर शिंकायचं पण नाही.

काळजी ही आहे. रा. का. चा मोठा सीन बाकी आहे. बाप मुलाच्या घरी येतो, किचनमध्ये बोलतो. दीड पान, मधे एकही कट नाही. मी विचारलं, कठीण आहे का? रा. का. नी खिडकीबाहेर बघितलं. "तो घोडा कांबळं घालून का उभा आहे?" इथे थंडीत घोड्यांना कव्हर घालतात, ते मी सविस्तर सांगत बसले. उत्तर राहिलं.

१० मे

वाईट दिवस. छोटा सीन, रा. का. ना तीन वाक्यं. पहिलं आलं. दुसरं येईना. शेजारी कोणी सांगेल म्हणून ते थांबतात, मान किंचित डावीकडे, कान पुढे. डावीकडे कोणीच नसतं. किती टेक झाले ते मोजणं मी सोडलं.

मुरली नावाचा प्रॉडक्शन मॅनेजर आहे, सगळ्यांवर ओरडतो, माझ्यावर गोड ओरडतो. "मॅडम, सरांना चहा कमी द्या, डायलॉग जास्त द्या." सगळे हसले. रा. का. पण हसले, तेच बघवलं नाही.

परतताना मला म्हणाले, "अम्मा, तुझं नाव काय म्हणालीस?"

सांगितलं होतं. दोनदा. पण ते मला नावाने कधी हाकच मारत नाहीत, मग लक्षात का राहावं?

मोटेलवर सोडलं तर भलत्याच खोलीचं दार उघडत होते. पण तिथली सगळी दारं सारखीच आहेत, मी स्वतः परवा चुकले. म्हणजे काहीच नाही. की काहीतरी आहे? नखं संपली कुरतडून.

११ मे

आईला फोन. तिच्या वॉर्डात म्हातारी माणसं खूप, म्हणून रा. का. चं तिला सांगितलं.

"एकच गोष्ट परत परत विचारतात?" तिने विचारलं.

"कधी कधी."

"जुनं आठवतं?"

"जुनं पाठ आहे त्यांना. कुठल्या सेटवर कुणाचा विग उडाला तेसुद्धा."

"मग? जुनं सगळ्यांचंच राहतं गं. फोनवर काय सांगू? डॉक्टरला दाखवायला सांग त्यांच्या माणसांना. आणि हे बघ, तू ड्रायव्हर आहेस."

तेच तर. मुरलीला सांगितलं आणि ती नुसती सवय निघाली, तर मी एका माणसाचं काम घालवलं. नाही सांगितलं आणि आजार निघाला, तर ते साठ जणांसमोर उभे राहणार, मान डावीकडे करून.

डेअरीत, म्हणजे इथल्या कोपऱ्यावरच्या दुकानात, दूध आणायला गेले, चिप्स आणल्या, दूध राहिलं. मला स्वतःला काय झालंय मग?

१३ मे

रा. का. नीच विषय काढला. "तू वाच. मी म्हणतो. गाडीत बरं पडतं."

मला तमिळ वाचता येत नाही. त्यांनी सांगायचं, गाडी थांबली की मी देवनागरीत उतरवायचं, मग मी म्हणायचं, मग त्यांनी. पहिलं वाक्य, "उन्नै कूट्टिट्टु पोग वरलै." तुला न्यायला नाही आलो. माझे उच्चार ऐकून इतके हसले की खोकला लागला. सीन राहिला बाजूला, मला 'ळ' शिकवत बसले, जिभेला पीळ पडला.

मी वाक्य सांगितलं की त्यांना येतं. मी थांबले की तेही थांबतात. जणू मी नळ आहे.

शेवटी वैतागून म्हटलं, "काका, तमिळ राहू दे. बाप नक्की म्हणतो काय मुलाला? घरच्या भाषेत सांगा."

 मग बाहेर बघत, हळू, त्यांच्या त्या जुन्या चालीत सांगितलं. मी ऐकलं तसं लिहितेय:

"तुला न्यायला नाहीं आलों मी. तुझं घर बघायला आलों. सकाळीं कुठली खिडकी उघडतोस, चहा कुठे उभा राहून पितोस, तेवढं बघूं दे. तुझी आई विचारेल. तिला सांगायला मज काहीतरी पाहिजे की."

न अडखळता, दीड पान पूर्ण.

मी गाडी बाजूला घेतली. म्हणाले, "काय झालं? पंक्चर?"

१५ मे

आता तसंच करतो. आधी मराठीत, मग लगेच तमिळमध्ये. आधाराला मराठी. आज तमिळही पूर्ण आलं, एकदा नव्हे, परत परत! मी स्टिअरिंगवर टाळ्या वाजवल्या. एका घराबाहेर 'फुकट न्या' लिहून फिजोआची, पेरूसारख्या हिरव्या फळांची, टोपली ठेवली होती, भरपूर घेतली. रा. का. चमच्याने खात म्हणाले, "पेरूनं सेंट मारलंय." दाढीला लागलं होतं, पुसलं. स्वतःची मुलगी असती तर तिला पुसू दिलं असतं का माहीत नाही, मला दिलं.

सेंटचा वास गाडीत राहिलाय. मुरली म्हणाला, "मॅडम, गाडीत दारू?"

आज नखं शाबूत.

१६ मे, शुक्रवार

काय लिहू. 

किचनच्या सीनची रिहर्सल होती. पापाकुरातलं भाड्याचं घर, खरंखुरं किचन, सिंकवर खिडकी. मला आत घेत नाहीत पण रा. का. म्हणाले, "ड्रायव्हर अम्मा इथे उभी राहूं दे," म्हणून दाराशी उभी राहिले.

डायरेक्टर म्हणाला, फक्त बोलून बघू सर, घाई नाही. हिरो समोर उभा. 

रा. का. नी सुरुवात केली. मान डावीकडे गेली नाही. खिडकीकडे गेले, कडीवर बोट ठेवलं, मुलाकडे न बघता बोलले. थांबायचं तिथे थांबले. शेवटी "तिला सांगायला मज काहीतरी पाहिजे की" म्हणताना आवाज इतका लहान झाला की मी दाराची चौकट धरली. इतकं चांगलं काम मी उभ्या जन्मात पाहिलं नाही. रडत होते मी.

आणि बाकी कोणीच रडत नव्हतं. सगळे एकमेकांकडे बघत होते.

रा. का. सगळं मराठीत बोलले होते. पहिल्या शब्दापासून शेवटपर्यंत.

मलाही शेवटी कळलं! मला समजत होतं ना, म्हणून.

हिरो हळूच म्हणाला, "सर?" डायरेक्टर मॉनिटरकडे बघत राहिला. रा. का. वाट बघत होते, चांगलं झालं ना असं. मग त्यांनी एकेकाचं तोंड पाहिलं. मग माझं. मग त्यांना समजलं.

"ओके सर, ब्रेक," डायरेक्टर म्हणाला. फार प्रेमाने म्हणाला. ओरडला असता तर बरं झालं असतं.

१७ मे, शनिवार

सीन सोमवारवर ढकललाय.

मुरलीने मला व्हॅनमागे गाठलं. पहिल्यांदाच गोड नव्हता. "तू रोज त्यांच्याबरोबर असतेस. खरं सांग. सर ठीक आहेत?"

मी सांगितलं, ती त्यांची घरची भाषा आहे. आम्ही तशीच प्रॅक्टिस करत होतो, आयडिया माझी होती. सगळं पाठ आहे त्यांना, शब्दन् शब्द.

"म्हणजे पाठ आहे. फक्त कुठल्या भाषेत बोलतोय ते कळत नाही."

मी व्हॅनचं दार उघडलं.

"आणि ऐक," मुरली म्हणाला, "माझ्या पहिल्या सिनेमात सरांनी मला स्वतःच्या डब्यातलं जेवायला दिलंय. तू मला समजतेस काय?" आणि निघून गेला.

संध्याकाळी रा. का. मोटेलच्या अंगणात जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, घालून बसले होते, पायमोज्यांवरून. शेवटी मी विचारलंच. काका, तुम्ही विसरता का?

रागावतील वाटलं. नाही रागावले.

"मज काय ठाव, अम्मा? सगळा जन्म कोणीतरी कानांत सांगत होतं. मी विसरतों, की मला कधी येतच नव्हतं, हें बघायची वेळच नाहीं आली."

मग म्हणाले, "सोमवारीं कळेल." आणि, "काल बरं झालं होतं ना? भाषा सोड. काम?"

म्हटलं, काका, मी दाराला धरून उभी होते.

"मग झालं," म्हणाले. पण उठेनात.

१८ मे, रविवार

सुट्टी. सकाळी गाडीत प्रॅक्टिस, फक्त तमिळ. मराठीवर मी बंदी घातलीय. एकदा पूर्ण आलं. एकदा अर्ध्यात मान डावीकडे. दुपारनंतर परत बसायचं ठरलंय.

तेवढ्यात मुरलीचा फोन. एअरपोर्टला जा, सिंगापूरची फ्लाइट, एक माणूस येतोय. कोण? "तू कंपनीच्या नावाची पाटी धर, तो ओळखेल." पापाकुराला, आपल्या मोटेलवर, आणायचं नाही. माउंट वेलिंग्टनला दुसरं मोटेल घेतलंय. "आणि राव सरांना बोलू नको, प्लीज." व्हिसा? त्या माणसाचा व्हिसा म्हणे युनिट चेन्नईहून निघतानाच काढून ठेवला होता. निघतानाच! म्हणजे रिहर्सल, मराठी, मी, या सगळ्याच्या आधी.

अरायव्हल्सला उभी राहून हे लिहितेय, पाटी काखेत. नखांची वाट लागली. फ्लाइट उतरलीय. सामान तपासणाऱ्यांनी काही लोक अडकवलेत वाटतं.

नंतर

आला. साठीचा असेल. पांढऱ्या मिशा, कानटोपी. मी त्याला ओळखलं. व्हॅनमध्ये रा. का. नी फोनवर जुने सीन दाखवले होते, त्यात बाजूला उभा असलेला इन्स्पेक्टर होता हा. चेहरा बापाचा. कोणालाही बाप वाटेल असा.

ट्रॉली ढकलत आधी मलाच हात जोडले. इंग्लिश माझ्यापेक्षा बरं. लोणच्याची बरणी तपासणीत गेली म्हणून हळहळत होता. राव सरांसाठी आणली होती म्हणे.

"तुम्हाला कुठला रोल?" मी विचारलं.

"सरांच्या धाकट्या भावाचा. फोनवर तेवढंच सांगितलं. स्क्रिप्ट इथे देणार आहेत." स्क्रिप्टमध्ये भाऊ नाही, फक्त बाप आहे. रा. का. नी मला अख्खी स्क्रिप्ट सांगितलीय.

व्हॅनमध्ये बसलाय आता. मी पार्किंगचं मशीन चालत नाही म्हणून सांगून बाहेर उभी आहे. रा. का. चे दोन मिस्ड कॉल. काच खाली करून तो विचारतोय, "सर कुठे उतरलेत? हॉटेल नंतर बघू. आधी मला त्यांच्याकडे ने, पाया पडायचंय."