शिंगरं आधी

आठवा महिना, वद्य तृतीया

पिवळी नदी फुगलीय, तरी सेनापती गोंगसुनचा हुकूम – लष्कराच्या घोड्या पलीकडे गेल्याच पाहिजेत. घोड्या पाण्यात पाय घालत नाहीत. चाबकाने ढकलल्या, तर दोन बुडाल्या. दिवसभर तराफ्यांखाली बांधायच्या कातडी पखाली फुंकून फुगवल्या, गाल दुखतायत. रुओ राळ्याची पेज घेऊन आली आणि मला बघून हसत सुटली. म्हणे, बाबा बेडूक झाले! आई नसलेली पोर, लष्करात माझ्याबरोबरच फिरते.

वद्य चतुर्थी

आज न राहवून सेनापतींना सांगितलं – सरकार, मारून काही होणार नाही. शिंगरं आधी तराफ्यावरून पलीकडे न्या. ती ओरडली की आया आपणहून येतील. आम्हा काठावरच्यांची जुनी पद्धत.

तसंच झालं! पलीकडून शिंगरं खिंकाळली आणि घोड्या धडाधड पाण्यात. एकही मागे वळली नाही. सेनापतींनी पाठ थोपटली, दारू पाठवली. छाती फुगली, खोटं कशाला लिहू?

वद्य पंचमी

पाऊस. दारू संपली.

वद्य षष्ठी

आता माणसांची पाळी. शिपाई सगळे याच काठच्या गावांतून धरून आणलेले. पलीकडे शत्रू, म्हणून रोज कुणीतरी पळतो. पकडलेल्यांची मुंडकी बांबूवर लावली, तरी पळतात.

सेनापतींनी बोलावलं. मला वाटलं, पुन्हा सल्ला हवाय.

"तूच शिकवलंस ना? मग शिपायांची पोरं आधी नेऊ. गावोगावची आणायला माणसं गेलीत. सुरुवात तुझ्या पोरीपासून, म्हणजे कुणी तोंड उघडणार नाही."

मी पाय धरले. म्हटलं, सरकार, ही माणसं आहेत. ते म्हणाले, तेच तर बघायचंय.

वद्य सप्तमी

रुओला मीच तराफ्यावर बसवलं. दुसऱ्या कुणी दोर सैल बांधला असता. तिला जत्रेला निघाल्यासारखं वाटत होतं. "बाबा, मागोमाग या हं," म्हणाली.

तराफे धुक्यात गेले. मग पलीकडून रडणं ऐकू आलं. काठावर एकही बाप उरला नाही. पोहता न येणाऱ्यांनीही उड्या टाकल्या. किती पोचले, कुणी मोजलं नाही.

वद्य अष्टमी

प्रवाहाने खाली नेलेलं, आज पलीकडच्या तळावर पोचलो, तर रुओ नाही. पोरं रात्रीच पुढे हलवलीत, शत्रूच्या तटबंदीखाली. मी घोड्यांचा माणूस, जन्मात हत्यार धरलं नव्हतं. आज भाला मागून घेतला. पहिल्या रांगेत जागा मिळावी म्हणून आम्ही बाप आपसात भांडलो.