दादर उतरवून घेण्याबाबत

साखरबंदर, जि. रत्नागिरी
२८ जानेवारी १९८८

तीर्थरूप नानांस,
यशोदेचा साष्टांग नमस्कार.

तुमची तार काल मिळाली. 'पुष्पासह ताबडतोब निघ.' एवढ्याचे उत्तर तारेत मावत नाही, म्हणून हे पत्र लिहावे लागत आहे. वहिनींचा गुडघा कसा आहे? तुम्ही सकाळचे फिरणे सोडले असेलच. (थंडीचे कारण सांगू नका. धरणगावची थंडी मला माहीत आहे.)

तुमच्या लेकीने इथल्या मुलींच्या शाळेत मराठी शिकवायची नोकरी धरून सात महिने झाले. गाव समुद्रकाठचे आणि बहुतेक सगळे मुसलमानांचे. पोर तिथे बोलणार कोणाशी, खाणार काय, आणि शिरपूरची स्थळाची मंडळी किती दिवस थांबणार, या तीन प्रश्नांपायी तुम्ही मला तिला आणायला धाडलेत. तुमच्याच अक्षरातला राजीनामाही बरोबर दिलात, फक्त तिची सही बाकी. मी आपली जुनी काळी ट्रंक काढली, तीत पंधरा किलो दादरचे पीठ भरले (पोर भाकरीवाचून अर्धी झाली असेल, हे वहिनींचे म्हणणे) आणि पुष्पा ज्यांच्या माडीवर राहते त्या रहीमचाचांना आधी कार्ड टाकले : 'मंगळवारी पोचते. दादर उतरवून घ्यायला माणूस पाठवावा.'

यात माझी काय चूक, सांगा. खानदेशात शेंबडे पोरही सांगेल की दादर म्हणजे रब्बीची ज्वारी. पण इथे पिकतो भात, आणि दादर म्हटले की यांना एकच ठाऊक, मुंबईचे स्टेशन. घाईत माझा एक 'ला' राहिला असावा असे समजून त्यांनी तो मनातल्या मनात घालून घेतला आणि चाचांचा मुलगा हनीफ, जो जहाजावरून सुट्टीवर आला होता, त्याला सोमवारीच दादरला रवाना केले.

मी आपली कल्याणला उतरून एस.टी.ने थेट इथे. स्टँडवर माणूस नाही, फक्त बाकावर एक पांढऱ्या दाढीचे गृहस्थ. गाव मुसलमानांचे, तेव्हा मी ठेवणीतले हिंदी काढले. त्यांनी ते शेवटपर्यंत ऐकून घेतले, चष्मा पुसला आणि अदबीने विचारले, "बाई, मराठी येत नाही का तुम्हाला?" नाना, मी तीस वर्षे जळगावात मराठीतून भूगोल शिकवला आहे! नाव सांगितले तेव्हा ते ताडकन उभेच राहिले. "या अल्ला! तुमी हय कशे? आमचा हनीफ तं कालधरनं दादरला उबा हाय!" हेच रहीमचाचा. (तो बिचारा गुरुवारी परत आला. हातात 'यशोदाबाई, जळगाव' अशी पाटी. एक यशोदाबाई त्याला सापडल्याही होत्या, त्यांचे बोचके उचलून तो चालूही लागला होता. पण त्या जळगाव जामोदच्या निघाल्या.)

चाचा पूर्वी जहाजावर खलाशांचे मुकादम होते, त्यामुळे समुद्र त्यांनीच बांधल्यासारखा दाखवतात. बसरा, एडन, झांझिबार. मीही केळी, कापूस आणि भरताची वांगी यांवर मागे हटले नाही. शेवटी त्यांनी विचारले, "तुमच्याकडे समुद्र?" मी म्हटले, "मेहरूणचा तलाव आहे." "असेल, असेल. गोडं पाणी असेल," असे म्हणून त्यांनी मला माफ केले. (त्यांची नात मेहरुन दहावीत आहे. आपल्या नावाची अख्खी वस्ती जळगावात आहे आणि तीत मी राहते, हे ऐकल्यापासून ती माझी पिशवी मला उचलू देत नाही.) पुष्पासाठी त्यांनी पहिल्याच दिवशी नवा तवा आणि नवी भांडी आणून वेगळ्या फळीवर मांडली होती. दुसऱ्या आठवड्यात फळी पुष्पानेच मोडीत काढली. तिचे वजन साडेतीन किलोने वाढले आहे, वहिनींना सांगा.

शुक्रवारी राजीनामा पिशवीत घालून शाळेत गेले. मुख्याध्यापिका मदिनाबाई माझ्याच वयाच्या आणि माझ्याहून कडक. म्हणाल्या, "न्यायला आलात ना? ट्रंक मोठी आहे म्हणून विचारते." मी म्हटले, "ती दादरची आहे." त्या म्हणाल्या, "ते गावभर झालंय. आधी वर्गात बसा." शाळेची ही पहिलीच दहावी. एकतीस मुली. मराठीच्या आधीच्या दोन बाई अर्ध्या वर्षात सोडून गेल्या आणि परीक्षेला सहा आठवडे. मी मागच्या बाकावर बसले. पुष्पाने विचारले, "कविता पाठ आहे का?" आणि एकतीस मुली एका सुरात ओरडल्या, "बठ्ठी पाठ शे, बाई!"

नाना, खानदेशच्या मुलींच्या जिभेवरचा, 'आहे'च्या जागी येणारा 'शे' काढण्यात माझी हयात गेली, आणि तुमच्या लेकीने तो कोकणात नेऊन पेरला. मी रागावायला उठले. उठले ती तशीच उभी राहिले. मदिनाबाईंनी पाण्याचा पेला पुढे केला. राजीनामा पिशवीतून निघालाच नाही.

वडील आहात, रागवायचा तुमचा हक्क आहे. तो माझ्यावर पत्राने वापरावा, पोरीवर तारेने नको.

तुमची धाकटी बहीण,
यशोदा

ता.क. पुष्पा येत नाही. शिरपूरच्या मंडळींना थांबवत नसेल तर त्यांनी थांबू नये.

ता.क. मीही येत नाही. इथे भूगोलाची जागा रिकामी आहे. मार्चपर्यंत मदिनाबाईंच्या हाताखाली आहे. (मी, हाताखाली!)

ता.क. खरे काम हे : आणखी वीस किलो पाठवा. चाचांना भाकरी थापता येत नाही, खाता मात्र येते. पोत्यावर 'ज्वारीचे पीठ' असेच लिहा, नाहीतर हनीफ पुन्हा स्टेशनवर जाईल.

सुपूर्द केल्याची नोंद :

रहीमचाचांकडे : दादरचे पीठ, पंधरा किलो.

तुमच्याकडे, या पाकिटातून परत : राजीनामा, बिनसहीचा. मागच्या कोऱ्या बाजूवर मेहरुनने 'दादर' या शब्दाचे दोन अर्थ वाक्यात उपयोग करून लिहिले आहेत. दोन्ही बरोबर.

पुष्पाकडे : रिकामी काळी ट्रंक. १९५१ साली मला पुण्याच्या कॉलेजात पाठवायला, आपल्या आबांना न सांगता, तुम्ही स्टेशनपर्यंत डोक्यावर वाहून नेली होतीत तीच. कडी शाबूत. मिळाल्याची सही तिने केली आहे.