दहा ते दोन

३ नोव्हेंबर
भिंगाविना कॅमेरा: सागवानी पेटी, आतून काळ्या रंगाचे तीन हात. पितळी पत्र्याला सुईनं पाडलेलं पाव मिलिमीटरचं छिद्र. तिपाई. फोटो धुवायचे तीन ट्रे. सगळं माझ्या हातचं. दहा वर्षं हेच करतोय, शिकवायला कोणी नव्हतं. हे घेऊन आज नागपूरहून नेपियर टाउनात राहायला आलो. घरमालक नरहर काका, कारखान्यातून रिटायर. पोहे देता देता विचारलं, रिकाम्या खोल्यांचे फोटो घेतं कोण? म्हटलं, जागेला काय आठवतं ते बघायचंय. ते हसले, म्हणाले, इथं मलाच काही आठवत नाही.

५ नोव्हेंबर
मागच्या खोलीत पेटी लावली. दहा ते दोन छिद्र उघडं. चार तासांत हलणारं काहीच कागदावर उमटत नाही. मी खोलीभर फिरलो तरी येत नाही. उमटतं ते फक्त स्थिर. कागद धुतला, तर खिडकीजवळच्या वेताच्या खुर्चीत एक बाई. इतकं स्पष्ट यायला चार तास मान न हलवता बसावं लागतं. खोलीत मी एकटाच होतो. म्हणजे पेटीत कुठूनतरी उजेड शिरून राहिला. नुसता वैताग.

७ नोव्हेंबर
सांधे मेणानं बुजवले, आतून पुन्हा रंग दिला. तरी तीच बाई, साडीच्या काठासकट. उजेड शिरला तर डाग पडतो, काठ उमटत नाही. एवढं मला आधीच कळायला हवं होतं. चूक पेटीची नाही.
काकांना दाखवला. चष्मा लावला, काढला. त्यांची बायको लतिका, सहा वर्षांपूर्वी गेली.
"शेवटी शेवटी अशीच बसून राहायची. दुपार झाली म्हटलं तर म्हणायची, आत्ता तर बसले. काहून काढला भैया, तिचा फोटो?"

८ नोव्हेंबर
दहाला छिद्र उघडलं अन् नवा पितळी पत्रा आणायला सराफा बाजारात गेलो. दुकानदाराशी चांगली हुज्जत घातली. दोनला येऊन कागद धुतला.
बाई नाही. खुर्चीत मी. शर्टाचं तुटलेलं बटणसुद्धा.
काका म्हणतात, तुम्ही गेलातच कुठं? दहापासून तिथंच होतात, चहा ठेवला तो तसाच. पिशवी पाहिली. पत्रा नाही.
पेटी खोटी म्हणावी, तर माझी दहा वर्षं खोटी. ते मी म्हणणार नाही. मग सराफ्यात गेलो तेच खोटं.

९ नोव्हेंबर
घरी फोन करायला उठलो — खुर्चीतच आहे. ऊन भिंतीवरून उतरलं. कधी —

१० असावी
छिद्र उघडंच आहे. बंद करायला उठतो, उठतो, अन् — मान वळत नाही. बोटं तेवढी चालतात —
काका सकाळी आले होते. म्हणाले, पेटी द्या, बंबात घालतो, तुम्ही आपल्या घरी जा. दुसरी करायला पैसे देतो. चांगले साठ हजार. मी नाही म्ह