आधी समोरच्याची बाजू

ता. ५, मंगळवार

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

मागच्या पत्रात माझी एक चूक झाली, ती आधी दुरुस्त करते. आमच्या अशिलावर, त्या रंगाऱ्यावर, पूर्वी कधीच गुन्हा नोंदला गेला नव्हता, असं मी तुला ठासून लिहिलं होतं. ते खरं नाही.

तुला आठवत असेल, जिन्यावरच्या मारामारीत एक तरुण खाली पडून दगावला आणि खुनाच्या आरोपात आणखी तिघांबरोबर हाही धरला गेला. खालच्या कोर्टानं याला जामीन दिला. त्यावर त्या तरुणाच्या वडिलांनी वरच्या कोर्टात अपील केलं आहे. काल रंगाऱ्याची बायको ऑफिसात आली होती. नवऱ्याचं कौतुक करता करता म्हणाली, शेजाऱ्याशी भांडणाची केस झाली तेव्हासुद्धा यांनी एक तारीख चुकवली नाही, अंगात ताप घेऊन गेले आणि निर्दोष सुटले. माझा चहा तसाच गार झाला. निर्दोष सुटलं म्हणजे केस झालीच नाही, असं दोघंही मनापासून धरून चालले आहेत. जामिनाचा अर्ज लिहिताना मीही एवढंच विचारलं होतं, की दुसरी एखादी केस चालू आहे का. तो नाही म्हणाला. मी लिहून मोकळी झाले, की पूर्वी एकही गुन्हा नाही. न्यायाधीशांनी ते वाक्य जसंच्या तसं आदेशात घेतलं आहे.

आमच्या सीनियर, मोठ्या बाई, म्हणाल्या की समोरच्यांच्या ध्यानात काही आलेलं नाही, आपणहून पायावर धोंडा कशाला पाडून घ्यायचा. मग म्हणाल्या, विचार करू. माझी मात्र झोप उडाली आहे. तो पुन्हा आत गेला तर माझ्या एका वाक्यापायी जाईल. मी काय करू?

बाकी ठीक. खोलीतल्या पंख्यानं खडखड थांबवली आहे, कारण तो फिरायचाच थांबला आहे.

रागावलीस तरी लोभात काटछाट करू नकोस.

तुझी भाची


ता. १०, रविवार

चि. शंकासुर हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र तुझ्या बाबाला वाचून दाखवलं. तो म्हणाला, ही गृहपाठ विसरली की बाईंना सांगायला सगळ्यांच्या आधी शाळेत जायची. तेव्हा स्वभाव जुनाच आहे, काळजी नसावी.

आता कामाचं. अशा अपिलात वरचं कोर्ट तो दोषी आहे का, हे ठरवत नाही. खालच्या कोर्टानं जे बघायला हवं होतं ते बघितलं का, हे ते तपासतं. आरोप किती गंभीर, वरवर पुरावा काय दिसतो, माणूस पळून जाईल का, साक्षीदारांना दमात घेईल का, त्याचं मागचं वागणं कसं. यातली शेवटची गोष्ट तुमच्यामुळे चुकीची बघितली गेली. ती त्यांनी शोधली तर तुम्ही लपवली असं होईल. तू सांगितलीस तर चूक झाली, इतकंच. तरीही जामीन टिकेलच, असं मी लिहिणार नाही. मी वकिली सोडली आहे, खरं बोलणं नाही.

जेवणाच्या टेबलाशी तू आणि तुझा भाऊ भांडण घेऊन यायचात, तेव्हाचा माझा नियम आठवतो का? आधी समोरच्याची बाजू मांडायची, त्याला पटेल अशी. मगच आपली. तू त्याची बाजू इतकी झकास मांडायचीस, की दर खेपेला तोच जिंकायचा आणि तू भोकाड पसरायचीस. या वेळी आपलीही नीट मांड.

पण त्याआधी रंगाऱ्याला विचार. मान त्याची अडकली आहे, तुझी नाही.

पंखा दुरुस्त करून घे आणि वेळेवर जेव, ही आज्ञा समजावी.

तुझी आत्या


ता. १४, गुरुवार

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

रंगारी एका शाळेची इमारत रंगवतो आहे, तिथेच गेले. तो शिडीवरून उतरला, हात पुसत सगळं ऐकलं आणि विचारलं, परत आत जावं लागेल का. लागू शकेल, म्हटलं, आणि चूक माझी आहे हेही सांगितलं. त्यावर डबा घेऊन आलेली त्याची बायकोच फणकारली, की ती केस आपण सरळ लढून जिंकली, त्यात तोंड लपवण्यासारखं काय आहे? तो हसला, सांगून टाका ताई म्हणाला आणि लगेच शिडी चढला. सुनावणीच्या आत वरचा मजला पुरा करायचा आहे म्हणे, न जाणो.

मोठ्या बाईंनी चूक कबूल करणारं माझं प्रतिज्ञापत्र वाचलं, जुन्या निकालाची प्रत जोडली आणि म्हणाल्या, धोंडा पाडायचाच तर तूच पाड, कोर्टापुढे उभी तू राहा. चष्म्याआडून हसत होत्या, असं मला वाटलं.

तुझा नियम पाळते आहे. आधी त्या वडिलांची बाजू लिहिली. मुलगा गेला, आरोपी रोज त्यांच्या दारावरून कामाला जातो आणि कोर्टाला सांगितलेली गोष्टही खरी नाही. लिहिता लिहिता डोळे भरून आले, जामीन रद्दच व्हावा असं वाटायला लागलं. मग आपली बाजू लिहिली. सगळ्या तारखांना हजर, एकाही साक्षीदाराच्या वाऱ्याला उभा राहिलेला नाही, खटला अजून सुरूच झालेला नाही, आणि पूर्वीच्या केसमध्येही हा माणूस तापातसुद्धा कोर्टात आला. लपवलं असतं, तर त्याच्या बाजूचं हे सगळ्यात चांगलं वाक्यही लपलं असतं.

काल गाढ झोप लागली. पंखाही फिरतो आहे.

आशीर्वाद असू दे. या खेपेला हरले तर भोकाड पसरणार नाही.

तुझी शंकासुर

ता. क. आमचा नंबर मंगळवारी, ता. १९ ला आहे. त्यांचे वकील बोलायला लागण्याआधी मी उभी राहणार.