इनॉकवर घेतलेला आळ

८ फेब्रुवारी १८७४

आज दारूबंदीवाल्या बायका घरी आल्या. पुढे हॅस्केलबाई. पीठ आणलं, कोळसा आणला, आमच्या लहानग्या डॉर्कसला लोकरी मोजे. निघताना माझ्या मनगटावरचा डाग दिसला. हात हातात घेऊन हळूच म्हणाल्या, "नवऱ्यानं ना?"

इस्त्रीनं भाजलं होतं. लोकांचे कपडे इस्त्री करते, भाजायचंच. पण मी बोलले नाही. खाली बघितलं. बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं.

इनॉक प्यायचा, खोटं कशाला सांगू. सुगीपासून थेंब नाही. आणि प्यायचा तेव्हाही अंगाला हात लावला नाही कधी — गाणी म्हणायचा नि झोपायचा.

१५ फेब्रुवारी

चर्चमध्ये सभा. हॅस्केलबाई म्हणाल्या, "दोन शब्द बोला, भगिनी." उभी राहिले. मग सुचत गेलं — तापलेली सळई, रडणारं पोर. सगळं तोंडातून आपोआप. पुढच्या बाकावर हुंदके. आयुष्यात इतक्या बायकांनी माझं कधी ऐकलं नव्हतं. गोड वाटलं. हे लिहितानाही लाज वाटते, पण वाटलं.

मग सगळ्या बायका मिरवणुकीनं दारूच्या गुत्त्यासमोर गेल्या, बर्फात गुडघे टेकून प्रार्थना केली. मीही केली.

१६ फेब्रुवारी

इनॉकला सांगितलं नाही.

२२ फेब्रुवारी

शेजारच्या गावातल्या सभेत नेलं. हॅस्केलबाई गाडीत म्हणाल्या, "सळईचं जरा सावकाश सांगा. लोकांच्या काळजाला भिडतं." सावकाश सांगितलं.

२ मार्च

इनॉक भरदुपारी घरी. पिंपाच्या कारखान्यातून काढून टाकलं. मालकाची बायको आमच्याच सभेतली. मुकादम म्हणाला म्हणे, "बायकोला डागणाऱ्याला इथं जागा नाही."

इनॉक ओरडला नाही. टोपी काढून बसला. "टॅबी, मी असं केलं का गं कधी? नशेत केलं असेल, मला आठवत नसेल — तर सांग."

स्वतःवरच संशय घेत होता! तेव्हा सगळं सांगितलं. त्यानं डॉर्कसला मांडीवर घेतलं. मग म्हणाला, "त्यांना का सांगितलंस?" मी म्हटलं, "त्या ऐकत होत्या." डॉर्कसला खाली ठेवलं, टोपी घातली नि बाहेर गेला. ओरडला असता तर बरं होतं.

५ मार्च

दोन ठिकाणी काम मागायला गेला. दारातूनच परत. येताना गुत्त्यावरून आला. आत गेला नाही. त्यानंच सांगितलं, मी विचारलं नव्हतं.

रविवारी सभा आहे. खरं सांगणार. पीठ, कोळसा बंद होईल. होऊ दे.

८ मार्च

सांगितलं. भरल्या सभेत. डाग इस्त्रीचा, माणूस निर्दोष, मी खोटारडी. कुणी ओरडलं नाही, कुणी बाहेर काढलं नाही. हॅस्केलबाई उठल्या, मला जवळ घेतलं आणि सभेकडे वळून म्हणाल्या, "बघा भगिनींनो. त्यानं हिला किती धाक घातलाय!"

इनॉक बाहेर पायरीवर होता. "सांगितलंस?"

"सांगितलं."

"मग?"

"टाळ्या वाजल्या."