बरणीखालचा कागद

मंगळवार, धुळे

वरच्या मजल्याची परवानगी नाकारली. नगररचनेतला बाबू नकाशावर बोट ठेवून म्हणाला, "अक्का, नव्या आराखड्यात रस्ता तुमच्या स्वयंपाकघरातून जातोय. हरकत का नाही घेतली? पेपरात नोटीस होती की!"

"पेपर मी रोज वाचते," मी ठणकावलं.

"मग मुदत कशी गेली?"

घरी येऊन सगळी रद्दी चाळली. नोटीस सापडली ती लोणच्याच्या बरणीखाली. फळीवर मीच अंथरलेली, तीच बाजू वर करून! रोज बरणी काढते, ठेवते...

भरपाईचा हक्क राहतो म्हणे, पण घर? ह्यांना कसं सांगू? जेवताना ह्यांनी लोणचं मागितलं. मला ती बरणी उचलवेना. "संपलं," मी म्हणाले.