नेडच्या फाटकावरची पाटी

३ मे
बायको हिल्डा आठवडाभरापासून तिच्या भावाकडे, नेडकडे, म्हणजे शेजारीच. कारण लीक, ती कांद्याच्या जातीची भाजी. गेल्या भाजी-प्रदर्शनात माझ्या ह्या मेव्हण्याची लीक पहिली आली, मी त्याच्यावर बादली भिरकावली. एवढंच. आता तिची अट: यंदा दोघांनीही लीक लावायची नाही, ऑगस्टपर्यंत शब्द पाळला तर ती घरी येईल. दोघांनी बायबलवर हात ठेवून शपथ घेतली. माझा हात नेडच्या हातावर होता, बायबलला लागलाच नाही.

४ मे
परसात सहा रोपं लावली. ही लागवड नव्हे, निरीक्षण.

१९ मे, सकाळी ७
नेड चर खणतोय! लीकच्याच मापाचा. हरामखोर.

२० मे
नेडला शोभेल असा शब्द शोधायला वाचनालयात कोश धुंडाळला. वॉरलॉक म्हणजे चेटक्या, असं लोक समजतात. मूळ जुनं इंग्रजी 'वेरलोगा'. वेर म्हणजे दिलेलं वचन, लोगा म्हणजे खोटारडा. शपथ मोडणारा! पुढे अर्थ झाला सैतान, चेटक्या तर त्याही मागाहून. पूर्वजांनी नेडला बरोबर ओळखलं होतं.

२ जून
पाटी रंगवली. वर शब्द, खाली अर्थ, त्याखाली व्युत्पत्ती. नेडच्या फाटकाला ठोकली. नेड म्हणे, अक्षर झकास आहे विल्फ, पण हे नेमकं कुणाबद्दल? निगरगट्ट. हिल्डा खिडकीतून ओरडली, हातोडी आमची आहे, परत कर.
मुळीच देणार नाही.

११ जुलै
नेडने चरावर काठ्या रोवून फुलांच्या वेली चढवल्यात. लीक लपवायला. मी फसणारा नाही.
माझं निरीक्षण मनगटाहून जाड. रोज बाटलीभर बिअर पाजतो. अर्धी त्याला.

१४ ऑगस्ट
रविवारी प्रदर्शन मंडळाचे लोक पातींवर शिक्के मारायला येणार. बिनशिक्क्याची लीक प्रदर्शनात चालत नाही. बाजारातून आणून मिरवतात लेकाचे. मंडळाच्या स्टोकोला चिठ्ठी धाडली: माझी सहा आहेत, हिल्डा चर्चला गेली की मागच्या गल्लीने या. नुसता शिक्का मारून ठेवायचा. प्रदर्शनात मांडणार नाही. बहुतेक.

१७ ऑगस्ट, रविवार
गेली तीस वर्षं मंडळाच्या लोकांचं पहिलं दार नेडचं. सवयीने तिथेच गेले. नेड म्हणाला, यंदा लीक नाही, हिल्डाच्या आवडीची फुलं लावलीत, ती घरी जाईल तेव्हा न्यायला. त्यावर स्टोको गल्लीभर ऐकू जाईल असं म्हणाला, मग यंदा फक्त विल्फच्या सहा लीकवरच शिक्के मारायचे ना?
हिल्डा चर्चला गेलीच नव्हती. गुडघा दुखत होता.
सहाही शिक्के सुबक उमटले.

१८ ऑगस्ट
हिल्डा आली! मी दारातच माफी मागितली, किटली ठेवली, दोन कप काढले. ती हातोडी न्यायला आली होती. माझ्या फाटकावर त्याच पाटीची ठोकाठोक चालू असताना दोन्ही कप मीच प्यायलो.